वऱ्हाड शिवेला आले

विवाहाच्या आदल्या सायंकाळी पाहुण्यांचे थाटाने स्वागत करावे, गोडधोड खाऊ घालून आणि गाणेबजावणे करून त्यांचा प्रवासाचा शीण घालवावा व दुसऱ्या दिवशीच्या मुख्य कार्यासाठी उभय पक्षांची मने प्रसन्न करून ठेवावीत, ही कल्पना अलीकडे शहरांतील लग्नांतून मोठ्या हौसेने राबविली जाते, आणि ती पश्चिमेकडून, निदान उत्तरेकडून तरी आपल्याकडे आली असावी, असा पुष्कळांचा समज असतो. परंतु ज्या समाजात वधूच्या गावची शीव हेच विवाहाचे पहिले रंगस्थळ होते, आणि वराकडील मंडळींनी गावात पाऊल टाकण्यापूर्वीच त्यांच्या पूजेचा, पोशाखाचा व निवासाचा बंदोबस्त करणे हा वधूपित्याच्या कर्तव्यांतील पहिला आणि बहुधा सर्वांत अवघड भाग समजला जात असे, त्या महाराष्ट्रीय समाजास या बाबतीत कोणाकडून फारसे उसने घेण्याची गरज नव्हती. सीमांतपूजन आणि जानवसा ही या स्वागताची दोन अंगे होत. त्यांचा इतिहास चाळू लागले म्हणजे आतिथ्यधर्माइतकाच दोन दरबारांमधल्या तहाचाही सुगंध त्यातून येऊ लागतो. आणि मला विचाराल तर या प्रथेतील खरा रस त्या तहातच आहे.

शास्त्राच्या दृष्टीने पाहू गेल्यास सीमांतपूजन हा फार प्राचीन विधी नव्हे. गृह्यसूत्रांत या नावाचा संस्कार नाही. तेथे आहे तो मधुपर्क. आचार्य, ऋत्विज, राजा, स्नातक, प्रिय सुहृद आणि विवाहासाठी घरी आलेला वर हे सहा जण अर्घ्यास पात्र मानून त्यांना बसावयास विष्टर, पाय धुण्यास पाणी, अर्घ्य, आचमन आणि दही, मध व तूप यांचे मिश्रण अर्पण करावे, असे पारस्कराने सांगितले आहे. म्हणजे नवरदेवाची गणना त्या एका दिवसापुरती का होईना, राजाच्या पंक्तीत झाली. परंतु हा सत्कार घरी आलेल्याचा. घराबाहेर पडून, गावाच्या हद्दीपर्यंत सामोरे जाऊन त्याला आणावे, हा भाग लोकाचाराने घातला, आणि निबंधकारांनी तो मागाहून आपल्या पोथ्यांत दाखल करून घेतला. सतराव्या शतकातील अनंतदेवांचा संस्कारकौस्तुभ आणि पंढरपूरच्या काशीनाथ उपाध्यायांनी शके १७१२ मध्ये पुरा केलेला धर्मसिंधु या दोन ग्रंथांत सीमांतपूजनाचा निर्देश सापडतो. आणि धर्मशास्त्राचा इतिहास लिहिताना महामहोपाध्याय पां. वा. काणे यांनी या विधीची नोंद अर्वाचीन काळातील आचार म्हणून केलेली आहे. लोकांनी आधी करावे आणि शास्त्राने मागून होकार द्यावा, असा हा क्रम. आपल्याकडच्या बऱ्याच हौशीच्या विधींचा तोच आहे.

मात्र नाव अर्वाचीन असले तरी आचार जुना आहे, आणि त्याचे एक सुरेख चित्र विदर्भाच्या भूमीवरच रेखाटलेले आहे. श्रीमद्भागवताच्या दशमस्कंधातील त्रेपन्नाव्या अध्यायात रुक्मिणीच्या विवाहाची तयारी वर्णिली आहे. चेदीचा राजा दमघोष आपल्या शिशुपालास घेऊन, जरासंध, शाल्व, दंतवक्र इत्यादी सोयऱ्याधायऱ्यांच्या सैन्यासह कुंडिनपुराशी येऊन ठेपतो, तेव्हा विदर्भाधिपती भीष्मक सामोरा जातो, त्याचे पूजन करतो आणि मुद्दाम उभारलेल्या निवासस्थानी त्याला उतरवितो. अमरावती जिल्ह्यात वर्धा नदीच्या काठी असलेले कौंडिण्यपूर हेच ते गाव, अशी आपली परंपरा आहे. तेव्हा सीमांतपूजन आणि जानवसा यांचा हा जणू पहिला मराठी दाखला म्हणावयास हरकत नाही. पुढे तर याहून मौज आहे. बलराम आणि कृष्ण हेही लग्न पाहावयास आले आहेत असे कळताच तोच भीष्मक वाद्यांच्या गजरात पुन्हा बाहेर पडतो, त्यांना मधुपर्क देतो, निर्मळ वस्त्रे अर्पण करतो, त्यांच्या सैन्यासह त्यांची उत्तम सोय लावतो, आणि जमलेल्या सर्व राजांचा ज्याच्या त्याच्या पराक्रमाप्रमाणे, वयाप्रमाणे, बळाप्रमाणे व वित्ताप्रमाणे सत्कार करतो. एका मुलीच्या लग्नात दोन वऱ्हाडांचे स्वागत करणारा, आणि त्यांपैकी दुसरे वऱ्हाड मुलगी पळवून नेण्यासाठीच आलेले आहे याची गंधवार्ता नसलेला असा यजमान दुसऱ्या कोणत्या कथेत असेल असे मला वाटत नाही; पण त्याने स्वागतात कसूर केली नाही, हे त्याच्या बाजूने नमूद केले पाहिजे. वय, बळ आणि वित्त यांची जी चार-पाच शब्दांत मोजदाद त्या श्लोकात आहे, ती पुढे आपल्या मानपानाच्या याद्यांतून शतकानुशतके लांबत गेली. रुक्मिणीच्या या कथेने मराठी लग्नावर आपला ठसा उमटविला तो असा. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात ऋद्धिपुरास महानुभावांच्या गोविंदप्रभूंच्या विवाहाचा खेळ मांडला गेला, तेव्हा महदंबेने वराला उद्देशून गावयाचे धवळे याच कथेवर रचले. आणि संत एकनाथांनी काशीत पुऱ्या केलेल्या रुक्मिणीस्वयंवरात द्वारकेच्या देवाचे लग्न महाराष्ट्रातील आचारांनीच लागते.

आता प्रश्न असा की स्वागत शिवेवरच का? घराच्या दारात पाय धुऊन, आरती ओवाळून ते भागले नसते काय? याचे उत्तर मिळण्यासाठी जुन्या गावाची शीव काय होती हे ध्यानी आणावे लागते. शीव ही नुसती जमिनीची मर्यादा नव्हती. तेथे गावाचा वसूल संपत असे, गावच्या देवतांचे राज्य संपत असे, आणि गावच्या पाटलाचा अंमलही संपत असे. दोन गावांमधील शिवेचे तंटे पिढ्यान्‌पिढ्या चालत, गोतसभा बसत, महजर होत, आणि साक्षीपुराव्याने निकाल न लागल्यास दिव्य करून, शपथ घेतलेल्या माणसाच्या पावलांनी शीव कायम केली जाई. शिवेवर पुरलेला धोंडा हलविणे हा मोठा अपराध होता. पलीकडून येणारे रोग, पलीकडची भुतेखेते आणि पलीकडची दृष्ट यांना अडविण्यासाठी तेथेच नारळ फुटत, दहीभात ओवाळून टाकला जाई. अशा जागी शेदीडशे परकी माणसे, बरोबर घोडे, बैलगाड्या, वाद्ये आणि मशाली घेऊन येतात, ती शत्रुत्वाने आलेली नसून सोयरिकीसाठी आलेली आहेत, हे सर्व गावाच्या साक्षीने जाहीर होणे अवश्य होते. वेशीजवळ वा शिवेवर मारुतीचे देऊळ बहुधा असतेच. त्या देवळात नवरदेवाला उतरवावयाचा आणि तेथेच त्याची पूजा करावयाची, म्हणजे गावच्या रक्षक दैवतासमोरच परक्याला आपला करून घ्यावयाचे, ही योजना ज्या कोणी प्रथम केली असेल त्याची बुद्धी धर्मशास्त्र्यापेक्षा मुत्सद्द्याची अधिक असली पाहिजे.

या मुत्सद्देगिरीची पूर्वतयारी फार आधीपासून सुरू होत असे. सोयरीक ठरली की उभय पक्षांचे वडीलधारे बसून याद करीत. कागदाच्या कोपऱ्यांना हळदकुंकू लावून तीत देण्याघेण्याचे जिन्नस, पोशाख, वऱ्हाडाची माणसे किती, जनावरे किती, मुक्काम किती दिवसांचा, मानकरी कोण आणि त्यांना काय, ही सर्व कलमे तपशीलवार लिहिली जात. मग लग्नघरी मुहूर्त करून हळकुंड फोडावे, जात्याची पूजा करावी, शेजारणींना बोलावून सांडगे-पापड घालावेत. भाऊबंदांच्या घरची भांडी मागून आणावीत, आणि परत करताना घोटाळा होऊ नये म्हणून त्यांवर कोरलेली नावे वाचून त्यांची टिपणे ठेवावीत. लग्नसराई सुगीनंतरची असल्यामुळे कणग्या भरलेल्या असत आणि बैल मोकळे असत. ही सोय पंचांगातील शुभ मुहूर्तांनी साधली की मुहूर्तच या सोयीने ठरले, याचा निवाडा ज्योतिषांनी करावा.

वऱ्हाड जवळ आले की वरधावा पुढे येई. हा बहुधा नवऱ्या मुलाचा एखादा चुलतभाऊ वा मेहुणा, अंगाने चपळ आणि जिभेने तिखट. ‘मंडळी शिवेला आली’ एवढी वर्दी देणे हे त्याचे काम, आणि त्याबद्दल त्याला पागोटे किंवा खाऊ मिळत असे. मग लग्नघरची मंडळी वाजंत्री लावून निघत. पुढे सनई-डफ, मागे पूजेचे साहित्य घेतलेले उपाध्याय, त्यामागे वधूपिता, भाऊबंद, गावचे पाटील-कुलकर्णी, आणि शेवटी कळशी व आरतीचे तबक घेतलेल्या सुवासिनी, असा तो लवाजमा मारुतीच्या पारापाशी येऊन थांबे. दोन्ही बाजूंचे व्याही एकमेकांस उराउरी भेटत. गूळपाणी फिरविले जाई, उन्हाळ्याचे दिवस असल्यास पन्हे आणि वाटली डाळ, कोकणात कोकमाचे सरबत. गणपती आणि वरुण यांचे पूजन झाल्यावर वराला पाटावर बसवून सासूने त्याच्या पायांवर पाणी घालावयाचे, सासऱ्याने ते पुसून गंधफूल वाहावयाचे, आणि नवा पोशाख द्यावयाचा. त्याच वेळी घरातील थोरल्या जावयाचाही मान करावयाचा असतो. नव्या जावयाच्या आगमनाने जुना दुखावला जाऊ नये, ही त्यातील खबरदारी मला फार मार्मिक वाटते. शास्त्रकारांना नसेल सुचली, पण घरोघरीच्या आज्यांना सुचली होती. वराच्या आईची आणि तिच्याबरोबर आलेल्या बायकांची ओटी भरावयाची, करवलीला तिचे मानाचे वस्त्र द्यावयाचे, आणि मग परटाने अंथरलेल्या पायघड्यांवरून सर्वांना गावात न्यावयाचे.

येथवर सर्व गोड झाले. परंतु जुन्या लग्नांची हकीकत सांगणाऱ्या कोणत्याही वृद्धेस विचारा, ती पहिल्याने पोशाखाचे वर्णन करणार नाही, रुसव्याचे करील. विहिणीच्या पायावर घातलेले पाणी कोमट नव्हते, वरमायीच्या आधी तिच्या जावेची ओटी भरली, मामाला पागोटे दिले ते काठावर विटलेले निघाले, अशा कारणांवरून वऱ्हाड शिवेवरच बसून राहिल्याच्या कथा प्रत्येक घराण्यात आहेत. आज त्या ऐकून हसू येते. पण ज्या काळी मान हा वतनाचा भाग होता, त्या काळी त्यात हसण्यासारखे काही नव्हते. पाटीलकीच्या वाटण्यांचे किंवा विक्रीचे जुने कागद पाहावेत: जमीन, हक्क आणि लाजिमे यांच्या जोडीस त्यांत पहिला टिळा कोणाचा, पहिला विडा कोणाचा, होळीची पोळी कोणी आधी लावावी, पोळ्याचे बैल वेशीतून कोणाचे पुढे जावेत, आणि गावातील लग्नमुहूर्ताचे टिळे-विडे कोणी घ्यावेत, ही कलमे शेतजमिनीइतक्याच काटेकोरपणे लिहिलेली असतात. ज्याने लग्नातला विडा एकदा दुसऱ्याच्या नंतर घेतला, त्याने पुढे दिवाणात आपला वडीलपणा शाबीत कसा करावा? म्हणून सीमांतपूजनाच्या वेळी चाललेली ती अगत्याची आणि रुसव्याफुगव्याची झटापट हा पोरखेळ नव्हता. दोन घराण्यांचे मोठेपण प्रथमच एका सतरंजीवर शेजारी बसत होते, आणि कोणाचे गुडघे किती पुढे आले ते सारा गाव पाहत होता.

वऱ्हाड गावात आले की ते लग्नघरी जात नसे. ते जानवशाला जाई. भाऊबंदांचा रिकामा वाडा, देवळाची ओवरी, धर्मशाळा, आणि यांपैकी काहीच नसल्यास पाण्याजवळच्या आमराईत घातलेला मांडव, असा हा जानवसा असे. या तात्पुरत्या बिऱ्हाडाची सोय पाहण्यासाठी वधूपक्षाचा एक जाणता, सोशिक आणि शक्य तर थोडा बहिरा माणूस मुक्रर केला जाई, कारण तेथे ऐकून घ्यावे लागे ते पुष्कळ. पहाटेच्या स्नानाचे ऊन पाणी, अंगाला तेल, शिकेकाई, दातवण, राखुंडी, मिश्री, म्हाताऱ्यांना तंबाखू, पानदान, पिण्यास वाळा घातलेले पाणी, पोरांना सकाळचा फराळ, बैलांना कडबा, घोड्यांना हरभरा, रात्री दिवट्यांना तेल; यांपैकी एखादा जिन्नस उशिरा पोचला तर त्याची वार्ता वधूपित्याच्या कानी पोचण्यास मात्र उशीर लागत नसे. जेवणाचे बोलावणेही साधे नव्हते. वाजंत्री लावून, मानाप्रमाणे एकेकाला बोलवावे तेव्हा मंडळी उठत, आणि दुसरे बोलावणे येईपर्यंत न उठणारेही असत. रुखवत म्हणून आज जी कलाकुसर मांडवात मांडली जाते, ते मूळचे या जानवशाकडेच वाजतगाजत नेलेले खाद्य होय. विवाहासाठी निघण्यापूर्वी नवरदेवाने दोन घास खाऊन घ्यावेत, म्हणून लाडू, करंज्या, शेवया आणि तऱ्हेतऱ्हेचे फराळाचे जिन्नस सासूने पाठवावेत, हा त्याचा हेतू. पुढे त्यांत साखरेची देवळे आली, बेदाण्यांची चित्रे आली, लोकरीचे पोपट आणि मण्यांची तोरणे आली, आणि खाणे मागे पडून पाहणेच राहिले. हौसेचे असेच होते.

या सर्व ताणातून सुटकेची वाट बायकांनी काढली होती, ती गाण्यांची. विहिणींची पंगत बसली की वधूकडील बायका विहीण गात. तिच्या पहिल्या कडव्यांत वरमायीच्या रूपगुणांची स्तुती असे, आणि स्तुतीच्या आडून तिच्या खाण्याची, तिच्या नटण्याची, तिच्या लेकाच्या शहाणपणाची थट्टा सुरू होई. उखाण्यांचा सामना त्यानंतर रंगे, आणि तो जानवशातील दिवट्या मंदावेपर्यंत चाले. दिवसा जे बोलता येत नव्हते, ते रात्री चालीवर म्हणता येत होते. आणि चालीवर म्हटलेल्या वाक्याचा राग धरणाऱ्या विहिणीचेच हसे होत असल्यामुळे तिला ते पचवावे लागे. पुरुषांचे मन रमविण्यासाठी ऐपतीप्रमाणे शाहिरांचा फड, लेझीम, दांडपट्ट्याचे हात किंवा कलावंतिणीचे गाणे ठेवले जाई. परंतु त्यांत दोन्ही पक्षांचे पुरुष नुसते प्रेक्षक असत. माझ्या मते लग्नाआधीच्या रात्रीची खरी मैफल बायकांच्या बाजूला होती, आणि दोन घराण्यांचे मनोमीलन घडले असेल तर ते व्याह्यांच्या आलिंगनापेक्षा या थट्टेनेच अधिक.

हे स्वागत एकट्या वधूपित्याच्या बळावर पार पडणारे नव्हते. सुताराने मेढ आणि पाट करावेत, कुंभाराने मडकी पुरवावीत, गुरवाने पत्रावळी लावाव्यात, न्हाव्याने नवऱ्याच्या घोड्यापुढे मशाल धरावी आणि आरसा दाखवावा, होलारांनी वाजवावे, कोळ्याने पाणी भरावे आणि वेसकराने वेशीवर उभे राहून येणाऱ्याजाणाऱ्यांवर नजर ठेवावी, अशी कामे बलुत्यांत वाटलेली होती आणि प्रत्येक कामामागे त्याचा हक्क, शिधा वा पागोटे ठरलेले होते. त्रिं. ना. आत्रे यांच्या १९१५ सालच्या ‘गावगाडा’ या ग्रंथात या देण्याघेण्याचे, आणि त्यापायी कुणब्याला लागणाऱ्या ओढीचे जे दर्शन घडते, ते वाचल्यावर जुन्या गावाविषयीचा आपला भाबडा जिव्हाळा बराच शहाणा होतो. सरकारही मागे नव्हते. मराठी अमदानीतील पट्ट्यांच्या यादीत लग्नटका हे एक कलम आहे, आणि पुनर्विवाहावर पाटदामही. याहून कठोर गोष्ट अशी, की शिवेवरचा हा सन्मान सर्वांच्या वाट्यास येत नव्हता. ज्या वेसकर महाराने सवर्णांच्या वराती वेशीतून आत घेतल्या, त्याच्या स्वतःच्या मुलाला घोड्यावर बसून, वाजंत्री लावून त्याच वेशीतून मिरविण्याची मुभा न देणारी गावे महाराष्ट्रात पुष्कळ होती, आणि त्या मुभेसाठीचे झगडे विसाव्या शतकातही चालू राहिले. सीमांतपूजनाचे कौतुक करताना ही बाजू झाकून ठेवणे अप्रामाणिकपणाचे होईल.

सरदार-सरंजामदारांच्या घरी हीच व्यवस्था कारखान्यांवर वाटली जाई. पाहुण्यांचे तंबू, कनाती आणि बिछायती फरासखान्याकडे, पोशाख व जवाहीर जामदारखान्याकडे, धान्य कोठीकडे, स्वयंपाक मुदपाकखान्याकडे, पिण्याचे पाणी आबदारखान्याकडे, हत्ती पीलखान्याकडे आणि चंद्रज्योती, हवया, नळे हे दारूखान्याकडे. प्रत्येकावर दारोगा आणि प्रत्येक दारोग्यामागे हिशेब मागणारा कारकून. १७८३ च्या फेब्रुवारीत सवाई माधवरावांचे थत्त्यांच्या कन्येशी पुण्यात लग्न झाले, तेव्हा नवरदेव नऊ वर्षांचाही पुरता नव्हता. लग्न त्याचे असले तरी समारंभ नाना फडणिसांचा होता, आणि सालबाईच्या तहानंतर पुण्याचा दरबार पुन्हा स्थिर झाला आहे हे जमलेल्या सरदारांना व वकिलांना दाखविण्यास त्याहून चांगला प्रसंग नानांना मिळणे कठीण होते. भीष्मकाच्या त्या श्लोकातील पराक्रम, बळ आणि वित्त यांची प्रतवारी अशा लग्नात कोणाला किती पावले सामोरे जावयाचे येथपासून सुरू होई.

एकोणिसाव्या शतकात या हौशीवर टीका सुरू झाली. लोकहितवादींनी शतपत्रांतून लग्नातील उधळपट्टीवर कोरडे ओढले. कुणब्याच्या कर्जाचे मूळ त्याच्या लग्नखर्चात आहे, हे इंग्रज अंमलदारांचे तर पाठ झालेले वाक्य होते. आणि म्हणूनच १८७५ साली सुप्याच्या बाजारापासून पेटलेल्या दख्खनच्या दंग्यांची चौकशी करणाऱ्या कमिशनने काढलेला निष्कर्ष लक्षात ठेवण्यासारखा आहे. लग्नकार्यांच्या खर्चाला या बाबतीत अवाजवी महत्त्व दिले गेले आहे, तो खर्च खात्यावर दिसतो खरा, पण कर्जाची सुरुवात त्यापासून झाल्याचे क्वचितच आढळते, असे कमिशनचे म्हणणे पडले. सारा, नापिकी आणि व्याज यांच्यापेक्षा वऱ्हाडाच्या लाडवांना दोष देणे सोपे होते. जोतीराव फुले यांनी वेगळ्या बाजूने हात घातला: सत्यशोधक समाजाने २५ डिसेंबर १८७३ रोजी पुण्यात भटजीवाचून आणि जवळजवळ खर्चावाचून विवाह लावून दाखविला. त्या लग्नात कोणाची पंगत कोणाआधी हा प्रश्न उद्भवण्याचे कारणच उरले नव्हते.

तथापि शिवेवरच्या स्वागतास खरा धक्का दिला तो टीकाकारांनी नव्हे, वाहनांनी. बोरघाटातून मुंबई-पुणे लोहमार्ग १८६३ साली सलग झाला, आणि पुढील पन्नास वर्षांत वऱ्हाडाचे आगमन मारुतीच्या पाराऐवजी स्टेशनच्या फलाटावर होऊ लागले. गाडी दोन मिनिटे थांबणार. तेवढ्यात पेट्या, पोरे आणि वरमाई उतरवून घ्यावयाची. तेथे वरुणपूजन कोण करणार? कोकणात वऱ्हाड आगबोटीने येई, आणि पडावातून किनाऱ्याला लागेपर्यंत निम्मी मंडळी बोट लागून आडवी झालेली असत, तेव्हा त्यांच्यापुढे सुंठसाखर किंवा लिंबू धरणे हेच पहिले पूजन. १ जून १९४८ रोजी पुणे-अहमदनगर मार्गावर पहिली एस. टी. धावली, आणि काही वर्षांतच प्रासंगिक करारावर घेतलेली एस. टी. थेट मांडवाच्या दारात येऊन उभी राहू लागली. शीव ओलांडली केव्हा हे आतल्या झोपलेल्यांना कळतही नसे. परिणामी सीमांतपूजन गावाच्या हद्दीवरून देवळात आणि देवळातून मांडवाच्या दारात आले.

दुसऱ्या महायुद्धाने पंगतीला कात्री लावली. मुंबईत १९४३ साली धान्याचे रेशनिंग सुरू झाले, आणि त्या काळात व पुढील टंचाईच्या वर्षांतही किती पाहुण्यांना धान्याचे जेवण घालावे यावर पाहुणे-नियंत्रणाचे हुकूम निघत राहिले. चार दिवसांचे लग्न आधीच दोन दिवसांवर आले होते, ते आता दीड दिवसांचे झाले. पानसुपारी, चहा-चिवडा आणि आईस्क्रीम यांवर स्वागत भागू लागले. वाडे पडून चाळी व सदनिका आल्यामुळे मांडव घालावयास अंगण उरले नाही, आणि मंगल कार्यालय ही संस्था भरभराटीस आली. तिने एका छपराखाली लग्नघर आणि जानवसा दोन्ही आणले. एका दारावर ‘वधूपक्ष’ आणि दुसऱ्यावर ‘वरपक्ष’ अशी पाटी लागली. मधल्या वीस पावलांच्या व्हरांड्यात पूर्वीच्या दोन गावांचे अंतर मावले. शास्त्रापुरती शीव उरावी म्हणून नवरदेव संध्याकाळी सहा वाजता कार्यालयाच्या फाटकाबाहेर जाऊन उभा राहतो, आणि तेथून त्याला समारंभाने आत आणले जाते. तो दोन गल्ल्या पलीकडेच राहणारा असला तरी हे केले जाते, आणि केले जावे असेच माझे मत आहे.

रात्रीच्या करमणुकीने मात्र वेष पालटला. बँडपथकांनी सनईला मागे सारले होतेच. १९९४ च्या ‘हम आपके हैं कौन’ या चित्रपटानंतर जोडे लपविण्याचा खेळ मराठी मांडवांतून जणू कुळाचार असल्याप्रमाणे रुजला, आणि मेंदी व संगीत या नावांच्या संध्याकाळी सीमांतपूजनाच्या जोडीला आल्या. यात रडण्यासारखे मला काही दिसत नाही. विहीण गाणाऱ्या बायका गेल्या त्याचे वाईट वाटते ते मात्र खरे, कारण बसविलेल्या नाचात व्याह्याची थट्टा करण्यास जागा नसते, आणि खर्च दोन्ही घरांनी वाटून घ्यावयाचा असा करार झाल्यावर कोण कोणाचा पाहुणा हेही धड ठरत नाही.

लक्ष्मण देशपांडे यांनी ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ हा एकपात्री प्रयोग रंगभूमीवर आणला, तेव्हा मराठवाड्यातील एका खेड्याचे वऱ्हाड विमानाने परदेशी निघते, ही कल्पनाच हशा उसळण्यास पुरेशी होती. आता अमेरिकेत वा इंग्लंडमध्ये स्थायिक झालेल्या मराठी घरांतली लग्ने हॉटेलात लागतात. दोन्ही पक्ष आदल्या दिवशी विमानतळावरून तेथे येतात, संध्याकाळी खालच्या दालनात सीमांतपूजन आणि अल्पोपाहार होतो, आणि प्रत्येक पाहुण्याच्या खोलीत यजमानाने आधीच एक पिशवी ठेवलेली असते. तीत पाण्याची बाटली, चिवड्याची पुडी, एखादा बेसनाचा लाडू, डोकेदुखीची गोळी आणि दुसऱ्या दिवशीच्या वेळापत्रकाचा कागद असतो. जानवशाच्या जुन्या यादीतून दातवण आणि कडबा तेवढा वगळला गेला आहे.